सगळ्यांचे रडणे ऐकणारा झोपतो कसा?

मा. संपादक,
सादर नमस्कार.

आपल्या दैनिकाच्या पत्रव्यवहारात गेल्या पंधरवड्यात सुपरहीरोंच्या चित्रपटांविषयी दोन पत्रे प्रसिद्ध झाली. हे चित्रपट आणि कॉमिक्स मुलांच्या मनातून देव काढून टाकतात व तेथे परदेशी बाहुले बसवतात, अशी एका पत्रलेखकांची तक्रार होती. दुसऱ्यांनी त्यांना दिलासा दिला की, घाबरण्याचे कारण नाही, हे सगळे मुळात आपल्याच पुराणांतून उचललेले आहे. दोन्ही पत्रे कळकळीने लिहिलेली होती, हे मी मान्य करते. परंतु या कथा नेमके काय विचारतात, याकडे दोघांपैकी एकाचेही लक्ष गेले नाही, आणि माझ्या मते देवाधर्माशी त्यांचे खरे नाते तेथेच आहे. म्हणून हे पत्र लिहिते आहे. ते थोडे लांबले तर आपण समजून घ्यावे.

पुण्यातल्या एका शाळेत मी ३१ वर्षे मराठी शिकवले. निवृत्त झाल्यापासून कोथरूडला आमच्या सोसायटीतल्या मुलांसाठी दर शनिवारी संध्याकाळी वाचनाचा तास घेते. एरवी पुस्तक मी निवडते, पण महिन्यातून एक शनिवार मुलांचा असतो आणि त्या दिवशी त्यांनी स्वतःच्या आवडीचे पुस्तक आणून त्याविषयी बोलायचे असते. अशाच एका शनिवारी पाचवीतल्या एका मुलाने सुपरमॅनचे कॉमिक आणले. सुपरमॅनला शहराच्या दुसऱ्या टोकाची कुजबुजही ऐकू येते, हे त्याने इतर मुलांना समजावून सांगितले आणि मग माझ्याकडे वळून विचारले, "आजी, त्याला सगळ्यांचं रडणं ऐकू येतं ना? मग तो झोपतो कसा?"

मला उत्तर देता आले नाही. ज्ञानेश्वरीवर आणि तुकोबांच्या गाथेवर आयुष्यभर बोलत आलेल्या माझ्यासारखीला दहा वर्षांच्या मुलाने ज्या प्रश्नापाशी आणून उभे केले, तो ईश्वरविषयक चिंतनातला सर्वांत जुना आणि सर्वांत अवघड प्रश्न आहे. त्याला तो कॉमिकमधून सापडला. त्या मुलाच्या मनातून देव गेला आहे, असे म्हणायला मी तयार नाही. हा प्रश्न पडण्याइतकी त्याच्या मनात देवासाठी जागा झाली आहे, असे मला वाटते.

आता 'हे सगळे आपलेच आहे' या म्हणण्याकडे वळते. सुपरमॅन पहिल्यांदा छापला गेला तो 'ॲक्शन कॉमिक्स'च्या जून १९३८च्या अंकात. जेरी सीगल आणि जो शूस्टर हे त्याचे निर्माते अमेरिकेतल्या क्लीव्हलंड शहरात वाढलेले, स्थलांतरित ज्यू कुटुंबांतले तरुण होते. सीगल यांचे वडील १९३२ साली स्वतःच्या कपड्यांच्या दुकानात चोरी होत असताना कोसळले आणि गेले. ज्याच्या छातीवर आपटून बंदुकीची गोळी खाली पडते असा नायक त्यांच्या मुलाने पुढे रचला, यात आश्चर्य वाटावे असे काही नाही. नष्ट होणाऱ्या ग्रहावरून आईबापांनी एकुलते बाळ यानात घालून सोडून दिले, ते परक्या घरी वाढले आणि पुढे त्याने परक्यांनाच तारले, ही कथा ऐकताच आपल्याला अश्व नदीत सोडलेला कर्ण आठवतो, मुसळधार पावसात यमुनेपलीकडे नेलेला कृष्ण आठवतो. सीगल आणि शूस्टर यांच्या घरात मात्र नाईल नदीच्या लव्हाळ्यांत ठेवलेल्या बाळ मोशेची कथा सांगितली जात असणार. सुपरमॅनचे जन्मनाव काल-एल, आणि हिब्रू भाषेत 'एल' म्हणजे देव. त्याही आधी अक्काडचा राजा सारगॉन याची अशीच पेटीतल्या बाळाची कथा मेसोपोटेमियात प्रचलित होती. ज्या ज्या समाजात नदी होती आणि मूल गमावण्याची भीती होती, तेथे तेथे ही पेटी वाहत आलेली दिसते. ती कोणाच्या घाटावरून आधी सुटली, हे ठरवून आपल्या हाती काय लागणार? त्या दोन तरुणांचे दुःख मात्र 'आमच्याकडून उचलले' या एका वाक्याने पुसले जाते. एप्रिल १९४०मध्ये नाझींच्या एसएस संघटनेच्या साप्ताहिकाने सुपरमॅनवर आणि सीगल यांच्या ज्यू असण्यावर विखारी लेख छापला होता. ही कथा कोणाची आहे, हे त्यांना बरोबर कळले होते.

माझ्या पिढीला मुखवट्याचा नायक भेटला तो 'इंद्रजाल कॉमिक्स'मधून. ली फॉक यांनी १९३६ साली निर्माण केलेला फँटम १९६४पासून 'इंद्रजाल'मधून आपल्याकडे आला आणि मराठीत त्याचे नाव 'वेताळ' झाले. हे नामांतर ज्याने कोणी केले, त्याच्या जाणतेपणाला मी आजही नमस्कार करते. आमच्या घरापासून चालत जाता येईल अशा वेताळ टेकडीच्या माथ्यावर वेताळाचे देऊळ आहे, आणि आपल्या लोकधर्मात वेताळ हा भुतांचा राजा असला तरी गावाचा राखणदारही आहे. कॉमिकमधल्या वेताळाला जंगलातले लोक अमर मानतात. वाचकाला मात्र ठाऊक असते की बाप मरतो, मुलगा कवटीवर हात ठेवून शपथ घेतो आणि तोच वेश अंगावर चढवतो, आणि असे एकवीस पिढ्या चालले आहे. देहू-आळंदीहून पालख्या पुण्यात मुक्कामाला येतात तेव्हा त्यांत पादुका असतात. चालणारी माणसे दर पिढीला बदलतात, तरी आपण 'माउली आली' असेच म्हणतो. लहानपणी हे मला शब्दांत सांगता आले नसते, पण त्या वेताळाचे अमरत्व मला कधी खोटे वाटले नाही, ते याच सवयीमुळे असावे.

परदेशी कथा परदेशात सुद्धा एका धर्माच्या राहिल्या नाहीत. १९७८च्या रिचर्ड डॉनर यांच्या 'सुपरमॅन' चित्रपटात मुलाला पृथ्वीवर पाठवणारा बाप त्याला 'माझा एकुलता पुत्र' म्हणून मानवांकडे पाठवल्याचे सांगतो, आणि ते शब्द ऐकताच ख्रिस्ती प्रेक्षकाला योहानाचे शुभवर्तमान आठवते. २०१३च्या 'मॅन ऑफ स्टील'मध्ये तर नायकाचे वय ३३ आहे, तो चर्चमध्ये जाऊन पाद्र्याशी बोलतो, आणि त्याच्या मागे रंगीत काचेवर गेथशेमानेच्या बागेत प्रार्थना करणारा येशू दिसतो. ज्यू तरुणांच्या मोशेला ख्रिस्ताची वस्त्रे चढली. कथा अशाच वाढतात, त्यामुळे माझी त्याला हरकत नाही. हरकत आहे ती या चित्रपटाच्या वेळी अमेरिकेतल्या धर्मोपदेशकांना निर्मात्यांकडून प्रवचनाची टिपणे पुरवण्यात आली, याला. व्यासपीठावरून देवाविषयी बोलणाऱ्याच्या तोंडी तिकीटविक्रीचे शब्द घातले जाऊ नयेत. आपल्याकडेही २०२४च्या जानेवारीत आलेल्या 'हनुमान' या तेलुगू चित्रपटाच्या वेळी प्रत्येक तिकिटामागे ५ रुपये अयोध्येच्या राममंदिराला देण्याची घोषणा झाली होती. त्यामागचा भाव निर्मळ असेलही. तरीही तिकीट हे तिकीट आणि दान हे दान, हा फरक मुलांना कळावा, असे माझ्यातल्या शिक्षिकेला वाटते.

परंतु हे सारे वरवरचे झाले. चर्चच्या खिडक्या, देवांची नावे, क्रूसासारखे पसरलेले हात हे शोधत बसण्यात समीक्षक रमतात. मूळ प्रश्न त्या मुलाने विचारलेला आहे: ज्याच्याजवळ सामर्थ्य आहे, तो सगळ्यांना का वाचवत नाही?

१९७८च्या त्या चित्रपटात दत्तक वडील हृदयविकाराने जातात, तेव्हा तरुण क्लार्क, म्हणजे माणसांत वावरणारा सुपरमॅन, त्यांच्या दफनाच्या वेळी म्हणतो की एवढ्या शक्ती असूनही मी त्यांना वाचवू शकलो नाही. पुढे जन्मदात्या पित्याची आज्ञा त्याला आडवी येते की, मानवाच्या इतिहासात ढवळाढवळ करायची नाही. प्रिय व्यक्ती भूकंपात दगावल्यावर तो ती आज्ञा मोडतो आणि काळच मागे फिरवतो. त्या दिवशी इतरत्र जे मेले असतील त्यांच्यासाठी त्याने काळ फिरवला असता का, हे चित्रपट विचारत नाही. मुले मात्र विचारतात. २०१६च्या 'बॅटमॅन व्हर्सेस सुपरमॅन'मध्ये खलनायक लेक्स ल्यूथर हाच प्रश्न तत्त्वज्ञाच्या काटेकोरपणे मांडतो: देव सर्वशक्तिमान असेल तर तो सर्वस्वी चांगला असू शकत नाही, आणि सर्वस्वी चांगला असेल तर सर्वशक्तिमान असू शकत नाही. हा युक्तिवाद खलनायकाच्या तोंडी देऊन लेखकांनी तो हलका केला, असे मला वाटते, कारण तो विचारणारी बहुतेक माणसे दुष्ट नसतात. त्यांचे कोणीतरी गेलेले असते. २०२१च्या 'इटर्नल्स'मध्ये हा भार अधिक प्रामाणिकपणे पेलला आहे. हजारो वर्षे पृथ्वीवर राहिलेल्या त्या दहा अमरांना माणसांच्या आपसांतल्या युद्धांत पडण्याची मनाई आहे. हिरोशिमाच्या राखेत उभा राहून त्यांच्यातला एक जण, आपणच माणसाला यंत्रे शिकवली म्हणून रडतो. चित्रपट म्हणून तो फसला, असे अनेकांचे मत आहे आणि त्यात तथ्यही आहे. पण ते दृश्य मला विसरता आलेले नाही.

आपल्याकडे हा प्रश्न कोणी विचारला नाही काय? महाभारताच्या स्त्रीपर्वात गांधारी विचारते. शंभर पुत्रांची प्रेते समोर पडली असताना ती कृष्णाला म्हणते की, तू समर्थ होतास, तरी तू उपेक्षा केलीस. आणि ती त्याला शाप देते, जो ३६ वर्षांनी खरा होतो. त्याहूनही मला महत्त्वाची वाटते ती आश्वमेधिक पर्वातली उत्तंकाची कथा, जी कीर्तनांत फारशी ऐकू येत नाही. युद्धानंतर द्वारकेला परतणारा कृष्ण वाटेत उत्तंक ऋषींना भेटतो. कौरव-पांडवांत समेट झाला असेल, अशा समजुतीत असलेल्या ऋषींना कुलक्षय कळतो आणि ते संतापतात: तू थांबवू शकत होतास आणि थांबवले नाहीस, आता तुला शाप देतो. त्यावर कृष्ण जे सांगतो त्याचा भावार्थ असा की, मी ज्या योनीत जन्म घेतो, त्या योनीप्रमाणे वागतो. देवांत असतो तेव्हा देवासारखा वागतो. या वेळी माणूस होतो, म्हणून माणसासारखी त्यांची काकुळतीने विनवणी केली, आणि त्यांनी ऐकले नाही.

जगातल्या कोणत्याही सुपरहीरोच्या कथेत मला याहून खोल उत्तर सापडलेले नाही. माणूस होणे म्हणजे नुसते माणसाचे कातडे पांघरणे नव्हे, तर आपले म्हणणे न ऐकले जाण्याची शक्यता पत्करणे, हे येथे देवाच्याच तोंडून आले आहे. हे उत्तर पुरेसे आहे, असे मी म्हणत नाही. उत्तंकाला ते पटले, गांधारीला ते पटले असते का, ठाऊक नाही. पण 'आपल्याकडे सगळे आधीच आहे' असे अभिमानाने सांगणाऱ्यांनी हा भाग मुलांना वाचून दाखवावा, अशी माझी विनंती आहे. नुसत्या पुष्पक विमानाच्या आणि ब्रह्मास्त्राच्या याद्या वाचून मुलांच्या पदरात काही पडत नाही.

आणि देहू तर पुण्यापासून किती दूर? १६३०च्या सुमाराच्या दुष्काळात तुकोबांची पहिली पत्नी अन्न अन्न करीत गेली. त्यांनी ते लपवले नाही, अभंगात लिहून ठेवले. विठ्ठल समर्थ होता आणि घरात अन्न नव्हते, या दोन गोष्टी त्यांनी एकाच आयुष्यात सांभाळल्या. जनाबाईने तर विठोबाला 'मूळ मायेच्या कारट्या' म्हणून शिव्या घातल्या, आणि वारकरी आजही त्या प्रेमाने गातात. देवाशी भांडण्याची ही परंपरा ज्या भाषेत आहे, त्या भाषेतल्या मुलांनी सुपरमॅनला जाब विचारला, तर ती आपल्या मातीशी इमान राखूनच वागतात.

दुसरी गोष्ट पात्रतेची. १९६२ साली कॉमिकमध्ये आलेल्या थॉर या देवाच्या हातोड्यावर कोरलेले आहे की, हा हाती धरणारा पात्र असेल तर त्याला थॉरचे सामर्थ्य लाभेल, आणि जो पात्र नाही त्याला तो उचलताच येत नाही. २०११च्या चित्रपटात गर्वामुळे खुद्द थॉरलाच तो उचलेनासा होतो, आणि २०१९च्या 'एंडगेम'मध्ये तो कॅप्टन अमेरिका या दुसऱ्या नायकाच्या हाती जातो, तेव्हा चित्रपटगृहात उठलेला मुलांचा कल्लोळ मी स्वतः ऐकला आहे. बळ वेगळे आणि अधिकार वेगळा, हे मुलांना तेथे क्षणात समजते. शिवधनुष्याची किंवा रुक्मिणीच्या तुळशीपत्राची कथा सांगताना मला ते समजवायला तास लागतो. परंतु हातोड्याच्या कथेतला अधिक मोलाचा भाग कॉमिकमध्ये २०१४ साली आला आणि २०२२च्या चित्रपटात वापरला गेला. हातोडा जेन फॉस्टर या कर्करोगाशी झुंजणाऱ्या स्त्रीच्या हाती येतो. प्रत्येक वेळी तो उचलला की तिच्या शरीरातून औषधाचा अंश धुऊन निघतो आणि मूळ रूपात परतल्यावर तिचा आजार अधिक बळावलेला असतो. तरी ती उचलते.

येथे मात्र मला आपल्या वाचकांना एक अवघड गोष्ट सांगायची आहे. 'पात्र कोण' हे ठरवणारा हातोडा त्या कथेत निर्लेप आहे. आपल्याकडे अधिकार कोणाचा हे माणसांनी ठरवले आणि देवाच्या नावावर खपवले. चोखोबांना देवळात पाऊल टाकता आले नाही. मंगळवेढ्याला गावकुसाच्या भिंतीखाली सापडून ते गेले आणि त्यांची समाधी महाद्वारापाशी, नामदेव पायरीसमोर आहे. त्या दारातून त्यांच्या लोकांना आत जाता यावे म्हणून १९४७ साली साने गुरुजींना पंढरपुरात उपोषणाला बसावे लागले. माझ्या शनिवारच्या तासाला मी थॉरचा हातोडा आणि चोखोबांचा 'ऊस डोंगा परी' एकाच दिवशी घेतले. सातवीतली एक मुलगी म्हणाली, "म्हणजे चोखोबांना हातोडा उचलता आला असता, पण त्यांना हातोड्याजवळ जाऊच दिलं नसतं." इतक्या वर्षांच्या अध्यापनात या अभंगाचे इतके नेमके स्पष्टीकरण मी कोणाकडून ऐकले नव्हते. हे तिला परदेशी कॉमिकमुळे सुचले असेल, तर त्या कॉमिकचे मी ऋण मानते.

तिसरी गोष्ट माझ्या सर्वांत जिव्हाळ्याची आहे. सुपरहीरोची गुप्त ओळख हा या कथांचा प्राण मानला जातो. सुपरमॅन चष्मा लावून वर्तमानपत्राच्या कचेरीत बावळटासारखा वावरतो आणि शेजारी बसणाऱ्या सहकाऱ्यांनाही कळत नाही. हे वाचताना कोणत्याही मराठी माणसाला श्रीखंड्या आठवायला हवा. पैठणला नाथांच्या घरी तो बारा वर्षे कावडीने पाणी वाहत होता आणि तो कोण, हे घरात कोणालाच कळले नाही. द्वारकेहून कृष्णाला शोधत आलेल्या ब्राह्मणाने विचारणा केली तेव्हा कळले, आणि तोवर तो निघून गेला होता. नाथषष्ठीला त्याचा पाण्याचा रांजण आजही भरला जातो. मंगळवेढ्याच्या दामाजीपंतांनी दुष्काळात बादशहाची कोठारे भुकेल्यांसाठी उघडली, आणि त्या धान्याची रक्कम बिदरच्या दरबारात भरून आला तो विठू महार, म्हणजे महाराच्या रूपातला विठोबा.

दोन्हीकडे देवत्व झाकलेले आहे, तरी फरक मोठा आहे. क्लार्क केंट चष्मा काढतो तेव्हा त्याचे खरे काम सुरू होते. चष्म्यातला माणूस हा आडोसा असतो. श्रीखंड्याचे खरे काम पाणी वाहणे हेच होते. त्याने पैठणवर कोसळणारे कोणते संकट परतवले नाही. जनाबाईबरोबर विठोबा जाते ओढत होता, तेव्हा त्या पिठामागे दुसरा कोणताही मोठा हेतू दडलेला नव्हता. आणि देवाने रूप घेतले ते नोकराचे, महाराचे. ज्या माणसाकडे गाव पाहत नाही, त्याच्याइतका उत्तम मुखवटा कोणता? देव आपल्यामध्ये वावरला तर कोणाच्या कामात वावरेल, याचा विचार आमच्या संतांनी जितका केला, तितका मला या चित्रपटांत दिसला नाही. आकाशातून कोसळणारे यान थोपवणारा नायक ते दाखवतात, पण बारा वर्षे पाणी भरणारा दाखवत नाहीत. ही त्यांची उणीव आहे, आणि ती सांगायची असेल तर अशी सांगावी.

आणखीही उणिवा आहेत. शेवटची अर्धा-पाऊण तासाची मारामारी सगळ्या प्रश्नांवर पडदा टाकते आणि जो ठोसा जोरात मारतो त्याचे तत्त्वज्ञान खरे ठरते. पण या कथांनी धर्माची दोन्ही रूपे दाखवली आहेत, हेही नोंदवायला हवे. १९८२ साली आलेल्या, एक्स-मेन या सुपरहीरोंच्या गटाच्या एका चित्रकादंबरीत, वेगळे जन्मलेल्यांना मारण्यासाठी बायबलची वचने वापरणारा धर्मोपदेशक खलनायक आहे. त्याच एक्स-मेनमध्ये सैतानासारखा दिसणारा, निळ्या कातडीचा नाइटक्रॉलर हा श्रद्धाळू कॅथलिक आहे. २०१४ साली सुरू झालेल्या 'मिस मार्व्हल'च्या मालिकेत जर्सी सिटीतली कमला खान ही मुस्लिम मुलगी बुडणाऱ्या मुलीला वाचवते ते कुराणातली आयत आठवून, की एक जीव वाचवणे म्हणजे साऱ्या मानवजातीला वाचवणे. देवाच्या नावाने मारणे आणि देवाच्या नावाने वाचवणे यांतला फरक दाखवायला मला यांहून चांगली उदाहरणे शाळेत मिळाली नव्हती.

म्हणूनच २०१८ साली 'ब्लॅक पँथर' आपल्याकडे दाखवला गेला तेव्हा झालेली गोष्ट मला लागली. त्यात एका काल्पनिक आफ्रिकी राज्यातली डोंगराळ जमात हनुमानाची भक्त आहे, आणि त्यांचा प्रमुख हनुमानाचा जयजयकार करतो. सेन्सॉर मंडळाने त्या जयजयकारातला 'हनुमान' हा शब्द मुका केला. भावना दुखावू नयेत, हा हेतू असणार. परंतु आपल्या शहरात जिलब्या मारुती आहे, सोन्या मारुती आहे, भिकारदास मारुती आहे. ज्या मारुतीला पुणेकरांनी पेठेपेठेत इतक्या लाडाच्या नावांनी बसवले, त्याचा जयजयकार दुसऱ्या खंडातल्या माणसांनी केल्याने तो दुखावला गेला असता, हे मला पटत नाही. अणूपासून ब्रह्मांडाएवढा होणारा म्हणून ज्याचे स्तोत्र आम्ही लहानपणी रोज संध्याकाळी म्हटले, तो एवढ्या लहान मनाचा नाही.

संपादक महोदय, आपल्या दैनिकाकडे माझी एक मागणी आहे. आपल्या रविवार पुरवणीत या चित्रपटांची परीक्षणे येतात. त्यांत दृश्यपरिणाम कसे आहेत, कमाई किती झाली आणि मागच्या भागाशी सांधा कसा जुळला, एवढेच असते. असा एखादा चित्रपट संतसाहित्याच्या किंवा महाभारताच्या अभ्यासकाला दाखवा आणि त्यांच्याकडून लिहून घ्या. एखाद्या पाद्र्यांना, मौलवींना, ज्यू धर्माच्या जाणकारांना लिहायला सांगा. आपल्या कॅम्पात ओहेल डेव्हिड हे ज्यूंचे लाल देऊळ आहे, चर्च आहेत, मशिदी आहेत. अशी माणसे शोधायला पुण्याबाहेर जावे लागणार नाही. आणि बालपुरवणीत एक चौकोन मुलांच्या प्रश्नांसाठी ठेवा, ज्यात उत्तर देणाऱ्याने 'हे आपल्याकडे आधीपासून आहे' एवढे सांगून थांबू नये.

त्या मुलाला मी दोन आठवडे थांबायला सांगितले होते. मधल्या काळात आषाढी झाली. पुढच्या शनिवारी मी त्याला सांगितले की, सुपरमॅनचे मला ठाऊक नाही, पण पंढरपुरात आषाढीच्या आधी विठोबाचा पलंग काढून ठेवतात. इतक्या लोकांचे ऐकायचे असते म्हणून त्या दिवसांत देव झोपतच नाही. रात्रंदिवस उभा राहतो, टेकायला पाठीशी लोड देतात. वारी सरली की प्रक्षाळपूजा होते, देवाला स्नान घालतात, शिणवटा जावा म्हणून काढ्याचा नैवेद्य दाखवतात आणि मग त्याचा पलंग परत येतो. मुलगा बराच वेळ गप्प राहिला. नंतर त्याने विचारले, "मग सुपरमॅनला काढा कोण देतं?" मी पुन्हा निरुत्तर झाले. मागच्या रांगेतून तिसरीतल्या एका मुलीने हात वर केला आणि म्हणाली, "त्याची आई देत असेल. ती शेतावर राहते ना, तिकडे गेल्यावर."

आपली विश्वासू,
एक निवृत्त शिक्षिका
कोथरूड, पुणे